समन्स घ्या, तारखेला उभे राहा



पहूर भागातल्या आपल्या वस्त्यांवर या सालात कोर्टाचे कागद जास्त यायला लागलेत. बेलिफ येतो, नाव पुकारतो, आणि ज्याचं नाव असतं तो मागच्या अंगाने रानात निघून जातो. घरातली बाई सांगते, "मालक घरी नाहीत." बेलिफ कागद दाराला चिकटवतो, दोन माणसांच्या सह्या घेतो आणि निघून जातो. आपल्याला वाटतं, कागद हातात घेतला नाही म्हणजे दावा लागला नाही.

दावा लागतो. दाराला चिकटवलेलं समन्स पोहोचलं असं कोर्ट धरून चालतं. तारखेला आपण नसलो की एकट्या सावकाराचं ऐकून निकाल होतो, त्याला एकतर्फी हुकूमनामा म्हणतात. मग दरखास्त, मग जप्ती, मग लिलाव. गावात दवंडी फिरते तेव्हा आपण धावाधाव सुरू करतो. आमच्या पाहण्यात ज्या जमिनी कोर्टातून गेल्या, त्यांतल्या बहुतेकांच्या दाव्यात आपल्या बाजूने एक शब्दही बोलला गेला नव्हता. जिथे बोललंच नाही तिथे न्याय झाला की अन्याय, हे तरी कसं म्हणायचं?

आत्ता आपल्यापुढे एक दावा आहे. चालू दावा आहे म्हणून नाव आणि गाव छापत नाही, ज्यांना माहीत असायला पाहिजे त्यांना माहीत आहे. अजिंठ्याच्या डोंगराच्या पायथ्याला राहणारा आपला तडवी भाऊ. दोन एकर कोरडवाहू वावर, बाकी पोट मजुरीवर. ७२ च्या दुष्काळात, जेव्हा खडी फोडायच्या कामावर लोक जात होते आणि लाल मिलो खाऊन दिवस काढत होते, तेव्हा त्याच्या बापाने सावकाराकडून ज्वारी आणि चारशे रुपये रोख घेतले. साध्या कागदावर अंगठा झाला आणि वावर सावकाराच्या ताब्यात गेलं. पाच हंगाम सावकाराने त्यात कापूस घेतला. बाप वारला. ७७ साली सावकार पोराला म्हणाला, "वावर तुझं तू पेर, पण कागद नीट करून देऊ." त्याला जीपमध्ये बसवून रजिस्टर कचेरीत नेलं. तिथे पाच हजार रुपयांचं गहाणखत झालं. मुदत दोन वर्षं, व्याज शेकडा अठरा. कागदात लिहिलंय, "रोख मिळाले, तक्रार नाही." मिळाला तो एक चहा आणि घरी परत यायचं गाडीभाडं.

त्यानंतर दर साली कापसातला वाटा सावकाराने नेला. पावती एकाही सालाची नाही. आता दावा आलाय, मुद्दल पाच हजार, व्याज सहा हजार नऊशे, एकूण अकरा हजार नऊशे द्या, नाहीतर वावर विकून वसूल करून द्या.

समन्स आल्यावर सावकाराचा माणूस घरी आला आणि म्हणाला, "कोर्टात कशाला जातोस? खर्चात पडशील. शेठ दावा काढून घेणार आहेत, तू फक्त या कागदावर अंगठा दे." हा भाऊ अंगठा न देता तो कागद घेऊन आमच्याकडे आला. एवढ्या एका गोष्टीने अर्धं काम झालं. त्या कागदावर लिहिलं होतं की दाव्यातली सगळी रक्कम मान्य आहे आणि त्याप्रमाणे हुकूमनामा व्हायला हरकत नाही.

हे डाव जुने आहेत. १८७५ च्या मे महिन्यात पुणे जिल्ह्यात सुप्याच्या बाजारात शेतकऱ्यांनी सावकारांचे रोखे आणि वह्या ओढून काढून जाळल्या. आग आजूबाजूच्या गावांत पसरली. इंग्रज सरकारने चौकशीला कमिशन बसवलं. कमिशनला काय दिसलं? सावकाराने दावा करायचा, कुळाने कोर्टात यायचंच नाही आणि हुकूमनामा एकतर्फी व्हायचा, असंच बहुतेक दाव्यांत चालत होतं. त्यातून १८७९ चा दख्खन शेतकरी कायदा आला, आधी पुणे, सातारा, सोलापूर आणि नगर या चार जिल्ह्यांपुरता. त्या कायद्याने कोर्टावर काम टाकलं की नुसता रोखा बघून थांबू नका, देणंघेणं सुरू झालं तिथपासून हिशेब तपासा. तो कायदा आज नाही. पण कागदाच्या मागे खरा व्यवहार काय होता हे कोर्टापुढे आणायचा रस्ता आजच्या कायद्यातही आहे. फक्त तो रस्ता आपण चालायचा असतो, कोर्ट आपल्या वतीने चालत नाही.

आता या दाव्यात आपलं म्हणणं काय, ते सगळ्यांनी समजून घ्या. असेच कागद तुमच्याही घरात असतील.

पहिली गोष्ट ७२ च्या कर्जाची. २२ ऑगस्ट १९७५ पासून महाराष्ट्रात कर्जमुक्तीचा कायदा लागू झाला. लहान शेतकरी, शेतमजूर, खेड्यातले कारागीर यांच्यावर त्या दिवशी सावकाराचं जे खाजगी देणं होतं ते पुसलं गेलं. बँकेचं, सोसायटीचं, सरकारचं देणं त्यात आलं नाही, हे लक्षात ठेवा. कर्ज पुसलं म्हणजे त्यासाठी ठेवलेलं गहाणही सुटलं आणि वस्तू परत द्यायला पाहिजे होती. सावकारांनी या कायद्याविरुद्ध सुप्रीम कोर्टापर्यंत धाव घेतली. १९७७ च्या जानेवारीत सुप्रीम कोर्टाने कायदा कायम केला. म्हणजे आपल्या भावाचं वावर ७५ सालीच मोकळं झालेलं होतं. ७७ साली सावकाराने जे "परत दिलं", ते त्याचं नव्हतंच. मेलेल्या कर्जाला नवा कागद नेसवून उभं केलं, एवढाच त्या गहाणखताचा अर्थ आहे. पण हे आपल्याला सिद्ध करावं लागेल. त्या वेळी जमीन किती होती, मजुरी करत होता की नाही, याचा तलाठ्याचा दाखला लागेल.

दुसरी गोष्ट अंगठ्याची. आम्ही त्याला विचारलं, "गहाणखतावरचा अंगठा तुझा का?" तो म्हणाला, "माझाच." मग कैफियतीत अंगठा नाकारायचा नाही. काही जणांना वाटतं, सगळंच नाही म्हणावं, मग बघू. हे चूक आहे. बोटाचे ठसे तज्ज्ञ ताडून बघतो, आणि एक गोष्ट खोटी निघाली की बाकीच्या खऱ्या गोष्टींवरही न्यायाधीशाचा विश्वास बसत नाही. अंगठा माझा, पण पैसे मिळाले नाहीत, असं म्हणायचं. कागदात "रोख मिळाले" लिहिलेलं असलं तरी रक्कम मिळालीच नाही हे तोंडी पुराव्याने दाखवता येतं. लिहिलेल्या कागदापुढे बोलणं चालत नाही असं सावकाराचा वकील सांगेल. या बाबतीत चालतं. ज्याचा अंगठा खरंच खोटा लावलेला आहे त्याची गोष्ट वेगळी. त्याने मात्र पहिल्याच कैफियतीत स्पष्ट लिहावं की हा दस्त मी करून दिलेला नाही. मग सावकाराला दस्तावर सही केलेला साक्षीदार आणून उभा करावा लागतो. मोघम नाकारलं तर लागत नाही.

कैफियत म्हणजे आपलं लेखी उत्तर. दाव्यात जेवढे परिच्छेद असतील तेवढ्यांना एकेक करून उत्तर द्यायचं असतं. "दावा खोटा आहे, रद्द करावा" एवढं लिहून काम होत नाही. ज्या गोष्टीला उत्तर नाही ती मान्य आहे असं कोर्ट धरतं. म्हणून वकिलाला भेटताना एकटे जाऊ नका. ज्याला सगळा व्यवहार आठवतो अशा माणसाला बरोबर न्या, आणि आमचं सांगणं आहे की ते माणूस बहुधा घरातली बाई असते. या भावाच्या आईला आजही पाठ आहे, ज्वारी किती मण आली, कोणत्या महिन्यात आली, पोतं कोणाच्या गाडीत होतं, मोजताना पायली कशी भरली. वकिलाने पोराला दोन तास विचारून जे मिळालं नाही ते आजीने पाणी पिता पिता सांगितलं. साक्षीला तिला उभं करायचं आहे. कोर्टात बाई कशी बोलेल, असं वस्तीतले काही म्हणाले. आम्ही म्हणतो, तिने सावकाराच्या ओट्यावर जाऊन ज्वारी मागितली तेव्हा कोणी असं म्हटलं नव्हतं.

तिसरी गोष्ट सावकाराच्या कागदांची. दावा त्याने केलाय, तेव्हा देणं आहे हे सिद्ध करायचं कामही त्याचंच. त्याच्या वहीत आपल्या नावावर आकडा लिहिलेला आहे म्हणून तो देणं ठरत नाही. नुसत्या वहीच्या नोंदीवर कोणाला देणेकरी ठरवता येत नाही, असं पुराव्याच्या कायद्यात आहे. दुसरं, १९४६ चा सावकारी कायदा, जो २०१४ पर्यंत लागू होता. ज्याच्याकडे सावकारीचं लायसन नाही त्याने दिलेल्या कर्जाचा हुकूमनामा कोर्टाने करू नये, असं त्यात सांगितलेलं होतं. आमच्या भागात धंदा करणारे किती जण लायसन दाखवू शकतील, हे त्यांनाच विचारा. लायसन असलं तरी त्याने कुळाला हिशेब द्यायला पाहिजे, पैसे घेतले की पावती द्यायला पाहिजे. ते केलं नसेल तर कोर्ट व्याज कापू शकतं. आणि थकलेलं व्याज मुद्दलापेक्षा जास्त मागता येत नाही. आपले म्हातारे याला दामदुपट म्हणत. या दाव्यात मुद्दल पाच हजार आणि व्याज सहा हजार नऊशे लिहिलंय. वकील असून त्यांनी हा आकडा लिहिला, कारण समोरून कोणी येणार नाही अशी खात्री होती.

पाच हंगाम वावर सावकाराच्या ताब्यात होतं, त्याचाही हिशेब आहे. गहाण ताब्यात घेणाऱ्याने उत्पन्न किती आलं ते दाखवायचं असतं आणि खर्च वजा जाता ते कर्जात जमा धरायचं असतं. कापसाची सरकारी एकाधिकार खरेदी ७२ साली सुरू झाली होती. संकलन केंद्रावर कापूस घातला की पावती व्हायची आणि ती कोणाच्या तरी नावावर व्हायची. त्या सालांत त्या वावरात कोण पेरत होतं हे तलाठ्याच्या पीकपाहणीत सापडायला पाहिजे. तलाठ्याने सावकाराच्या सांगण्यावरून मालकाचंच नाव लिहिलं असेल तर शेजारच्या बांधावरचे लोक आहेत, कापूस वेचायला गेलेल्या बाया आहेत. त्यांची मजुरी कोणी दिली, एवढं त्यांनी कोर्टात सांगायचं.

आता सगळ्यात मोठी गोष्ट. ६ जुलै १९७४ पासून आदिवासीची जमीन बिगर आदिवासीकडे विकत, बक्षीस, गहाण किंवा खंडाने द्यायला जिल्हाधिकाऱ्याची आधी परवानगी लागते. जमीन महसूल कायद्याचं कलम ३६अ. गहाण किंवा खंड असेल तर तोसुद्धा पाच वर्षांपर्यंतच. विक्रीसारख्या बाकीच्या व्यवहाराला वर राज्य सरकारची मंजुरी लागते. आणि नीट ऐका, कोर्टाच्या हुकूमनाम्यातून होणारी विक्रीसुद्धा याच कलमात धरलेली आहे. म्हणजे सावकाराने कोर्टाकडून हुकूमनामा आणला तरी त्यावर आदिवासीचं वावर बिगर आदिवासीला सरळ लिलावात घेता येत नाही. ७७ च्या गहाणखताला परवानगी घेतली होती का? दस्तात त्याचा उल्लेख नाही. या कलमांखाली जो प्रश्न जिल्हाधिकाऱ्याने ठरवायचा तो दिवाणी कोर्टाने ठरवायचा नाही, असंही ३६क मध्ये आहे. तेव्हा कोर्टात हे म्हणणं मांडायचं आणि त्याच वेळी प्रांतसाहेबांकडे वेगळा अर्जही द्यायचा. दोन्हीकडे.

पण हे सगळं कधी? तुम्ही आदिवासी आहात हे कोर्टाला कोणी सांगितलं तर. सावकार दाव्यात लिहीत नाही. कोर्टापुढे असतं फक्त नाव. आपल्या तडवी भावांची नावं मुसलमानी असतात, त्यामुळे कारकुनापासून वकिलापर्यंत कोणाच्या डोक्यात येत नाही की हा माणूस अनुसूचित जमातीतला आहे. भिल्लांच्या नोंदीतच तडवी भिल्ल आहेत, शासनाच्या यादीत आहेत, पण यादी कोर्टात आपल्या पायांनी चालत येत नाही. जातीचा दाखला काढा. शाळेचा दाखला, जुन्या नोंदी, जे असेल ते जोडा. कैफियतीच्या पहिल्या पानावर जमात लिहा. या एका ओळीशिवाय ३६अ तुमच्या कामाचं नाही.

ज्यांची जमीन १ एप्रिल १९५७ आणि ६ जुलै १९७४ च्या मधल्या काळात गेली, त्यांच्यासाठी दुसरा कायदा आहे, जमिनी परत देण्याचा, १ नोव्हेंबर १९७५ पासून लागू. त्यात खरेदी, गहाण आणि कोर्टाच्या हुकूमनाम्याने गेलेली जमीनसुद्धा येते. परत घेताना आकाराच्या ४८ पट रक्कम किंवा त्याने दिलेली किंमत, यांतली जी कमी ती, आणि त्याने जमिनीत काही सुधारणा केली असेल तर तिचे पैसे भरायचे. तेही हप्त्यांनी. आपण अर्ज करायची तीन वर्षांची मुदत केव्हाच गेली, आणि तेव्हा आपल्याला कोणी सांगितलं नाही, ही चीड आमच्या मनात आहे. तरी जिल्हाधिकारी आपण होऊन केव्हाही चौकशी सुरू करू शकतात. ती सुरू करायला लावणं हे संघटनेचं काम. हा कायदा घटनेविरुद्ध आहे म्हणून जमीनवाले सुप्रीम कोर्टात गेले होते, १९८४ च्या डिसेंबरात ते हरले. आता कोणी सांगितलं की "तो कायदा कोर्टात अडकलाय", तर त्याला ही तारीख सांगा.

बऱ्याच जणांकडे गहाणखत नाही, "मुदत खरेदी" आहे. पाच वर्षांत पैसे दिले तर परत, नाहीतर कायमची खरेदी. किंवा साधं खरेदीखत, आणि तोंडी बोली की पैसे दिले की उलटून देऊ. तुम्ही म्हणता, आता काय, विकून बसलो. कागदाला खरेदीखत म्हटलं म्हणून ती खरेदी होत नाही. जमिनीची किंमत काय होती, किती पैसे दिले, खरेदीनंतर वावर कोण पेरत होतं, यावरून ते खरं गहाण होतं की विक्री हे ठरवता येतं. कर्जासाठी नुसता दिखाऊ दस्त केला होता, खरेदी करायचं दोघांच्याही मनात नव्हतं, हे तोंडी पुराव्याने सांगता येतं, असं सुप्रीम कोर्टाने १९८१ साली आपल्या महाराष्ट्रातल्याच एका बाईच्या दाव्यात म्हटलंय. तिनेही कर्ज घेतलं होतं आणि कागद खरेदीचा झाला होता. गहाण असेल तर ते सोडवायला तीस वर्षं मुदत असते. सावकाराने उलट दावा करायची वाट बघू नका, सोडवून मागायचा दावा आपणही करू शकतो.

जंगलातल्या प्लॉटबद्दल दोन शब्द. ज्या जमिनीचा सातबारा आपल्या नावावर झाला नाही, जी वनखात्याची म्हणून दाखवली जाते, जिच्यासाठी आपण इतकी सालं भांडतोय, ती काही जणांनी सावकाराकडे "ठेवली" आहे. जे आपल्या नावावर नाही ते गहाण ठेवता येत नाही, आणि सावकारालाही ते माहीत आहे. त्याला कागद नको असतो, त्याला कापूस पाहिजे असतो. अशा ठिकाणी कोर्टाची वाट नाही. तिथे गावाने बसून त्याला वावरातून बाहेर काढायचं.

काही म्हातारे आम्हाला म्हणतात, "घेतलं ते फेडलं पाहिजे. आदिवासी माणूस बेइमान नाही." त्यांचं बोलणं आम्ही हलकं घेत नाही. याच इमानाच्या जोरावर सावकारी इतकी सालं चालली, हेही खरं. जे खरंच घेतलं ते कैफियतीत कबूल करा, एक दाणाही लपवू नका. चारशे रुपये आणि ज्वारी घेतली, हे आपल्या भावाने लिहून दिलंय. त्याच्या बदल्यात पाच हंगामांचा कापूस गेला, हेही लिहिलंय. कोणाचं कोणाकडे निघतं ते हिशेबात दिसेल.

तरुण पोरांचं म्हणणं वेगळं आहे. "कोर्ट त्यांचं, वकील त्यांचे, आपण मोर्चा काढू, कागद जाळू." शहाद्याकडे अंबरसिंग सुरतवंतींच्या मागे माणसं उभी राहिली, ३० जानेवारी १९७२ ला भूमुक्ती मेळावा झाला, तेव्हा गहाणात अडकलेल्या जमिनींची गोष्ट चव्हाट्यावर आली. ते बळ नसतं तर ७४-७५ चे कायदे कागदावरही आले असते की नाही, आम्हाला शंका आहे. मोर्चा पाहिजेच. पण हुकूमनामा जाळता येत नाही, त्याची नक्कल कोर्टात असते. मोर्च्याला दोनशे माणसं येतात आणि तारखेला ज्याचा दावा तो एकटा जातो, हे आम्हाला बरोबर वाटत नाही. तारखेला दहा माणसं कोर्टाच्या आवारात झाडाखाली नुसती बसली तरी सावकाराचा साक्षीदार बोलताना इकडेतिकडे बघतो.

साक्षीदारावरून आठवलं. या गहाणखतावर साक्षीदार दोन. एक सावकाराचा मुनीम. दुसरा आपल्याच वस्तीतला, तेव्हा सावकाराकडे सालदार होता, आजही आहे. पैसे मोजले गेले नाहीत हे त्याने डोळ्यांनी पाहिलंय. तो आज गप्प आहे आणि त्याचं कारण आम्हाला कळतं. साल तुटलं तर पोरं काय खातील? म्हणून त्याला गद्दार म्हणणं बंद करा. वस्तीने आधी ठरवायचं की त्याचं साल तुटलं तर पुढच्या पावसापर्यंत त्याच्या घरचं धान्य कोण देणार. ते ठरलं की मग त्याच्याकडे जायचं. त्याला साक्षीला बोलवायचा अर्ज आपणही करू शकतो. मुनीम काय बोलणार हे सगळ्यांना माहीत आहे. निकाल या दुसऱ्या माणसाच्या तोंडावर बराच अवलंबून आहे.

एकतर्फी हुकूमनामा झालाच असेल तर हातपाय गाळू नका. कळल्यापासून लगेच या. तो रद्द करून मागायचा अर्ज तीस दिवसांत द्यावा लागतो. समन्स खरंच पोहोचलं नसेल तर हे तीस दिवस हुकूमनामा कळला त्या दिवसापासून मोजतात. समन्स घेतलं नाही म्हणून रानात पळालेल्याला मात्र "मला माहीत नव्हतं" म्हणणं जड जातं. हरलो तर वरच्या कोर्टात अपील आहे, जिल्हा कोर्टात त्यालाही तीस दिवस. जप्ती आली तरी नांगर, शेतीला लागणारे बैल, बियाणं, स्वयंपाकाची भांडी, शेतकऱ्याचं राहतं घर हे नेता येत नाही. बेलिफाबरोबर सावकाराची माणसं येऊन बैल सोडायला लागली तर भांडू नका, हात उचलू नका. काय काय नेलं ते लिहून घ्या, पंचांची नावं लिहा, आणि त्याच दिवशी निरोप पाठवा.

अधूनमधून सावकार वही पुढे करून म्हणतो, "बाकी बरोबर आहे ना, नुसती सही कर." ती सही नुसती नसते. हातउसन्या पैशाच्या दाव्याला तीन वर्षांची मुदत असते, मुदतीत केलेल्या एका सहीने ती पुन्हा पहिल्यापासून मोजतात. आपल्या भावाच्या गहाणखताला ही मुदत लागू नाही, रजिस्टर गहाणाला बारा वर्षं असतात, म्हणून तिथे आम्ही मुदतीचा मुद्दा घेतलेला नाही. पैसे द्यायचेच झाले तर पावतीशिवाय देऊ नका. दावा लागल्यावर द्यायचे असतील तर कोर्टात भरा. तडजोड करायची तर ती कोर्टापुढे, वाचून दाखवल्यावर, आपल्या वकिलासमोर. सावकाराच्या ओट्यावर, जीपमध्ये किंवा दारूच्या गुत्त्यावर झालेली तडजोड संघटना मानणार नाही.

वकिलाच्या पैशाचं विचारता. १९७६ साली घटनेत दुरुस्ती होऊन गरिबाला मोफत कायद्याची मदत द्यावी असं आलं, आणि राज्यात त्याची योजना आहे. कोर्टात अर्ज करायचा. मिळणारा वकील प्रत्येक वेळी मनापासून काम करतोच असं नाही, म्हणून त्याच्याकडे नुसता कागद टाकून येऊ नका, तारखेच्या आधी दोन वेळा जाऊन बसा. या दाव्यात एका वकीलभाऊंनी फी न घेता काम घेतलंय. टायपिंग, स्टँप, नकला आणि छोट्या गाडीचं तिकीट एवढा खर्च आपण उचलायचा आहे. वस्तीमागे जे ठरलंय ते पहूरला आणून द्या आणि पावती घ्या. आपणही पावतीशिवाय पैसे घेत नाही.

पुढच्या तारखेला कोर्ट या दाव्यात मुद्दे काढेल, म्हणजे कोणत्या गोष्टींवर पुरावा घ्यायचा ते ठरेल. परवानगी घेतली होती का, पैसे खरंच दिले का, सावकारीचं लायसन आहे का, ७५ सालच्या कायद्याने मूळ कर्ज गेलं का, हे चारही मुद्दे निघाले पाहिजेत असं वकिलांना सांगितलंय. त्याआधी ७२ ते ७७ या सालांचे पीकपाहणीचे उतारे, तेव्हाच्या जमिनीचा आणि मजुरीचा दाखला, आणि जातीचा दाखला हातात पाहिजे. ज्या बायांनी त्या वावरात कापूस वेचला त्यांनी आपली नावं वस्तीच्या प्रमुखाकडे द्यावीत. तलाठ्याकडचे कागद पहिल्या पावसाआधी काढून घ्या. पेरणी लागली की तो कचेरीत सापडत नाही.